कोळंबी आणि माकुलाचा व्यापार इथवर कसा आला, त्याची पार्श्वभूमी

ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेनं भारतातून जाणाऱ्या मालावर आधी २५ टक्के आणि मग २७ तारखेपासून आणखी २५, असा मिळून ५० टक्के टॅरिफ, म्हणजे आयात कर, लावला, तेव्हा टीव्हीवर हिरे, कपडे आणि कोळंबी ही नावं सारखी येत होती. आपल्याकडं जालना, परभणी, नांदेडात बातम्या बघणाऱ्यांना हिरे-कपड्यांचं समजलं, पण कोळंबी एवढी मोठी कधी झाली हे लई जणांना कळालं नाही. समुद्र आपल्यापासून दूर, त्यामुळं हे साहजिकच आहे. म्हणून जरा मागं जाऊन सांगतो, कारण या धंद्याचा इतिहास माहीत नसला तर आजचा गोंधळ समजणार नाही.

आधी आकडा बघा. २०२४-२५ मध्ये भारतानं सुमारे १७ लाख टन समुद्री माल बाहेर पाठवला, किंमत ६२,४०८ कोटी रुपये. त्यात एकट्या फ्रोजन कोळंबीचे ४३,३३४ कोटी. म्हणजे शंभरातले जवळजवळ सत्तर रुपये एकाच जिनसाचे, आणि एकूण ७.४५ अब्ज डॉलरपैकी २.७१ अब्ज डॉलरचा माल एकट्या अमेरिकेनं घेतला. एक जिन्नस आणि एक गिऱ्हाईक. माझं स्पष्ट मत आहे की सगळी दुखणी इथूनच सुरू होतात, आणि ही सवय आजची नाही, सत्तर वर्षांची आहे.

१९६० पर्यंत भारतातून बाहेर जायचा तो मुख्यतः वाळलेला माल. सुकी मासळी, सुकी कोळंबी. घेणारे कोण, तर श्रीलंका, ब्रह्मदेश, सिंगापूर. बर्फ नाही, कोल्ड स्टोरेज नाही, मीठ आणि ऊन एवढ्यावर धंदा चालायचा. आणि आपल्या मराठवाड्याची समुद्राशी ओळखसुद्धा तेवढीच, सुक्या मालापुरती. आठवडी बाजारात एका कडेला सुकट-बोंबलाची दुकानं लागतात, पोत्याचं तोंड दुमडून खाली वळवलेलं, आत गुलाबीसर जवळ्याचा ढीग, वर पत्र्याचं माप खोचलेलं, आणि वास असा की बाजारात शिरल्या शिरल्या दुकान कुठंय ते कळतं. हा जवळा म्हणजे कोळंबीचं पिल्लू नाही बरं का, ती वेगळी जात आहे, पूर्ण वाढली तरी दोन-तीन सेंटीमीटरची. मुंबई-रायगडच्या किनाऱ्यावर वाळवतात. घरी आणून आधी चाळायचा, कोरड्या तव्यावर परतायचा, मग कांदा, लसूण, लाल तिखट, आणि सोबत ज्वारीची भाकरी. रानात कामाला जाणाऱ्या माणसाला चार दिवस टिकणारं आणि खिशाला परवडणारं कालवण हेच होतं, अजूनही आहे.

किनाऱ्यावर मात्र गोष्ट पुढं गेली. १९५३ मध्ये कोचीनहून फ्रोजन कोळंबी पहिल्यांदा अमेरिकेला गेली. माल अगदी थोडा होता, पण रस्ता उघडला. त्याच सुमारास केरळात कोल्लमजवळ नींदकरा इथं भारत-नॉर्वे प्रकल्प सुरू झाला, करार १९५२ चा. हेतू चांगला होता, गरीब मच्छीमारांना बरी बोट, बरं जाळं, आरोग्य केंद्र, बर्फाचा कारखाना असं सगळं द्यायचं. पण यांत्रिक बोटी आल्या, ट्रॉलचं, म्हणजे तळावरून ओढत न्यायचं जाळं आलं, आणि समुद्राच्या तळाशी कोळंबी किती आहे ते सगळ्यांना दिसलं. त्याआधी केरळात जास्तीची कोळंबी नारळाच्या बुडाला खत म्हणून टाकायचे, तिला डॉलरचा भाव आला म्हणल्यावर काय होणार? ज्यांचा मासेमारीशी संबंध नव्हता त्यांनीही बोटी घेतल्या. लहान होडीवाले मागं पडले, ट्रॉलरवाल्यांशी त्यांची भांडणं झाली, मोर्चे निघाले, शेवटी १९८८ पासून केरळ सरकारनं पावसाळ्यात ट्रॉलिंग बंद ठेवायला सुरुवात केली. आपल्या महाराष्ट्राचा सागरी मासेमारी नियमन कायदा १९८१ चा, तो आला तोही याच काळात.

१९६१ मध्ये फ्रोजन मालानं सुक्या मालाला मागं टाकलं. १९६६ मध्ये रुपयाचं अवमूल्यन झालं आणि बाहेरच्यांना आपला माल स्वस्त पडायला लागला, त्यानं अजून जोर आला. १९७२ मध्ये एमपीईडीए, म्हणजे समुद्री उत्पादन निर्यात विकास प्राधिकरणाचा कायदा झाला, मुख्य ऑफिस कोचीला. नावातच निर्यात. देशातल्या माणसाच्या ताटात कोळंबी कशी पोचवायची यासाठी मात्र तेवढ्या ताकदीची संस्था उभी राहिली नाही, आणि हे मला खरंच खटकतं. १९७७ पर्यंत पहिलं गिऱ्हाईक अमेरिका, मग जपान, ते जवळपास २००१-०२ पर्यंत, नंतर युरोप आणि परत अमेरिका. गिऱ्हाईक बदललं तरी पद्धत तीच राहिली.

आता माकूल. कोकणात माकूल म्हणतात, म्हाकूळ म्हणतात, इंग्रजी मेनूत स्क्विड. याच घराण्यातला दुसरा म्हणजे कटलफिश, आणि त्याची ओळख मराठवाड्यात नकळत सगळ्यांना आहे, कारण काष्ठौषधीच्या दुकानात मिळणारं पांढरं, हलकं, चुरचुरीत समुद्रफेन म्हणजे या कटलफिशचंच आतलं कवच. पिंजऱ्यातल्या पोपटाला चोचीसाठी देतात तेही हेच. तर हे दोन्ही पूर्वी कोळंबीच्या जाळ्यात फुकट यायचे, भाव नव्हता म्हणून बरेचदा टाकून द्यायचे नाहीतर सुकवून संपवायचे. १९७० च्या दशकात जपान आणि युरोपातून मागणी आली तेव्हा यांची किंमत कळली. स्पेन आणि इटलीत लोक हे आवडीनं खातात, तिकडच्या समुद्रात पुरत नाही, म्हणून आपलं माकूल तिकडं जायला लागलं, आता चीन आणि थायलंडही मोठे घेणारे आहेत. आज आपल्या किनाऱ्यावर माकूल, कटलफिश, ऑक्टोपस मिळून वर्षाला दोन लाख टनांच्या आसपास माल येतो, त्यातला बहुतेक पश्चिम किनाऱ्यावर.

या मालाचं काम कसं चालतं ते बघण्यासारखं आहे. बोटीवरून क्रेट उतरले की माकूल बर्फाच्या पाण्यातच ठेवायचं, नाहीतर पांढरं अंग गुलाबी पडतं आणि भाव निम्म्यावर येतो. टेबलापाशी बायका उभ्या असतात, बऱ्याचदा घरापासून लांब आलेल्या, वेरावळ, तळोज्याच्या कारखान्यांत तर केरळातून पोरी यायच्या. एका हातानं माकुलाची नळी, म्हणजे धड, धरायची, दुसऱ्यानं डोकं ओढायचं, की आतडी आणि शाईची पिशवी एकदम बाहेर येते, ती फुटली तर सगळा टेबल काळा. मग आतून प्लास्टिकच्या पट्टीसारखं पारदर्शक पातं ओढून काढायचं, वरची जांभळ्या ठिपक्यांची साल सोलायची, राहते ती पांढरी नळी. त्याच्या रिंग कापतात, तंतू वेगळे, अख्खं साफ केलेलं वेगळं, प्रत्येकाचा साईजप्रमाणं वेगळा भाव. उणे ४० ला गोठवून उणे १८ च्या खाली साठवायचं. दिवसभर बर्फाच्या पाण्यात हात ठेवून उभ्या असलेल्या या बायकांच्या बोटांवर हा सगळा परदेशी व्यापार उभा आहे, आणि त्यांचं नाव कुठल्याही रिपोर्टात येत नाही.

माकुलाची अडचण अशी की आपल्याकडं त्याची शेती होत नाही. जे समुद्र देईल तेच. आयुष्य साधारण एक वर्षाचं, वाढ झपाट्यानं होते, त्यामुळं सावरतंही लवकर, पण अंडी घालायच्या आधीच उचललं तर पुढच्या वर्षी काय? कर्नाटकाच्या बाजूला नारळाच्या फांद्यांचे झुबके समुद्रात सोडतात, कटलफिश तिथं अंडी घालायला जमतात आणि तिथंच गळाला लागतात. याच्यावरून तिकडच्या बोटवाल्यांमध्ये मोठे वाद झालेत. एलईडी दिवे लावून मासेमारीला केंद्रानं २०१७ मध्ये बंदी घातली, तरी कोकणात दर हंगामात तक्रारी येतच असतात. लहान माकूल पकडू नये म्हणून कमीत कमी आकाराचा नियम केरळनं केला, तो सगळ्या किनाऱ्यावर कडक पाळला पाहिजे असं मला मनापासून वाटतं.

कोळंबीचं वेगळं, तिची शेती झाली. १९९० च्या सुरुवातीला आंध्र-तामिळनाडूत टायगर कोळंबीची तळी धडाधड खोदली, आणि १९९४-९५ ला पांढऱ्या ठिपक्यांच्या विषाणूनं तळीच्या तळी मेली, लोक कर्जात बुडाले. त्यात सर्वोदयी कार्यकर्ते एस. जगन्नाथन यांच्या याचिकेवर ११ डिसेंबर १९९६ ला सुप्रीम कोर्टाचा निकाल आला, किनारपट्टीच्या नियमन क्षेत्रातली व्यापारी तळी काढा म्हणून, कारण शेजारची भातशेती आणि पिण्याचं पाणी खारट व्हायलं होतं. पुढं २००५ ला किनारी मत्स्यशेतीचा वेगळा कायदा झाला. खरी उलथापालथ २००९ मध्ये, व्हेनामी नावाच्या मूळच्या पॅसिफिककडच्या कोळंबीला परवानगी मिळाली. रोगमुक्त बी, दाट साठवण, लवकर वाढ. २०१२-१३ ला थायलंडच्या तळ्यांत रोग आला, त्यांचं उत्पादन कोसळलं आणि ती जागा आपल्या आंध्रनं घेतली. भीमावरमच्या आसपासचा तो सगळा पट्टा गोदावरीच्या कालव्यांवर जगतो. पैठण, गंगाखेड, नांदेडवरून पुढं गेलेलीच ही नदी, तिच्या शेवटाला जगातल्या मोठ्या कोळंबी बाजाराचा माल तयार होतो, आणि वरच्या अंगाला आपल्याला त्याचा पत्ता नाही.

मधले झटके थोडक्यात सांगतो. १९९७ मध्ये युरोपनं स्वच्छतेच्या कारणावरून भारतीय माल थांबवला, मग कारखान्यांना लाखो रुपये घालून सगळं नव्यानं करावं लागलं, खरं सांगायचं तर त्यानं दर्जा सुधारला. २००४-०५ ला अमेरिकेनं अँटी-डम्पिंग ड्युटी, म्हणजे माल फार स्वस्तात आणून ओतता म्हणून जादा कर, लावली. २०१६ ला युरोपनं अँटिबायोटिकच्या तपासणीचे नमुने १० वरून ५० टक्क्यांवर नेले. २०१९ पासून समुद्रात पकडलेली भारतीय कोळंबी अमेरिकेनं बंद केली, कारण ट्रॉलच्या जाळ्यात कासवं अडकतात आणि त्यांना बाहेर पडायची झडप आपल्या बोटी लावत नाहीत. कासवाचा मुद्दा रास्तच आहे, झडप लावायला पाहिजे होती. आणि मग २०२५ चा टॅरिफ, तोही आधीच्या ड्युट्यांच्या वर, जेव्हा इक्वेडोरला फक्त १५ टक्के होता आणि तो अमेरिकेच्या जवळही आहे. भाव ठरवतो दुसराच आणि कर्ज राहतं आपल्या नावावर, हे आपल्या कापूसवाल्याला वेगळं सांगायची गरज नाही.

मराठवाड्यात या धंद्याची एक फेरी येऊन गेली असं म्हणता येईल. गोड्या पाण्यातला मोठा झिंगा, ज्याला व्यापारात स्कॅम्पी म्हणतात, त्याची देशभर हवा होती, २००५-०६ च्या सुमारास उत्पादन टिपेला गेलं आणि मग बियाणं कमजोर पडलं, रोग आले, व्हेनामीनं त्याची तळी घेतली. जायकवाडीच्या नाथसागरात कटला, रोहू, मृगळासोबत झिंगे आजही जाळ्यात येतात, भोई आणि कोळी समाजाच्या सोसायट्या त्याच्यावर जगतात, पण पाणी कमी झालं की सगळंच कोलमडतं. हरियाणा-पंजाबात खाऱ्या झालेल्या जमिनीत व्हेनामी पिकवायलेत, ते बघून इकडंही काही जण विचारतात, पण तिथलं भूजलच खारं आहे, इथं गोड पाण्यात मीठ कालवून शेती करणं, तेही टँकरच्या तालुक्यात, याला माझा विरोध आहे.

इथं करण्यासारखं दुसरंच आहे, ते म्हणजे खाणं. आंध्रचा रोहू-कटला बर्फाच्या थर्मोकोलच्या खोक्यातून आपल्या मासळी बाजारात येतोच की. मग त्याच हैदराबाद रस्त्यानं कोळंबी का येऊ नये? टॅरिफनंतर आंध्रात देशातच माल विकायची चर्चा सुरू झाली. युरोपनं सप्टेंबर २०२५ मध्ये आपल्या आणखी १०२ कारखान्यांना तिकडं माल पाठवायची मंजुरी दिली, ब्रिटनशी जुलैत करार झाला, ते चांगलंच, पण तिथं परत दुसऱ्याचेच नियम. आपल्याकडं संभाजीनगरच्या मोठ्या दुकानात फ्रोजन कोळंबीचं पाकीट मिळतं, तालुक्याच्या गावी नाही, कारण तिथं डीप फ्रीजर फक्त आईस्क्रीमवाल्याकडं, आणि उन्हाळ्यात लाईट गेली की माल विरघळला. साठ-सत्तर काऊंटची, म्हणजे किलोत साठ-सत्तर बसतील अशी मध्यम कोळंबी, सोललेली, पाव किलोच्या पाकिटात, रविवारच्या मटणापेक्षा स्वस्त मिळाली तर घेणारे हजारो आहेत. सुकटीची चव ज्याच्या जिभेवर लहानपणापासून आहे त्याला ताज्या कोळंबीचा वास परका वाटणार नाही. त्यासाठी फ्रीजरवर सबसिडी, भरवशाची लाईट आणि भीमावरम ते नांदेड अशी नेमानं येणारी एक थंड गाडी लागेल.