चोवीस तासांची की येऊन-जाऊन?

घरात माणूस ठेवायचं ठरलं की आपण पहिला प्रश्न विचारतो, "चोवीस तासांची हवी की येऊन-जाऊन?" हा फरक आपल्याला स्वयंपाकघरात नेमका कळतो. पुस्तकांबद्दल बोलायला लागलो की मात्र तो आपण विसरतो आणि सगळ्यांची एकजात 'कामवाली' होते. मग 'मालकाच्या घरात राहणाऱ्या नोकरांचं जग' अशा मथळ्याखाली 'द हेल्प', 'द स्पेस बिटवीन अस', 'द व्हाइट टायगर' आणि 'द रिमेन्स ऑफ द डे' एका दमात सुचवली जातात. यातली पहिली दोन तिथे बसतच नाहीत. अमेरिकेच्या दक्षिणेतल्या कृष्णवर्णीय मोलकरणींवरच्या 'द हेल्प'मधली एबिलीन बसने कामावर येते आणि बसने घरी जाते. 'द स्पेस बिटवीन अस'मधली भीमा मुंबईच्या झोपडपट्टीत नातीबरोबर राहते आणि सेरा दुबाशकडे कामाला येते. दोघींनाही आपलं दार आहे. ते गळकं असेल, भाड्याचं असेल, पण मालकिणीचं नाही.

येऊन-जाऊन करणारी बाई मराठी वाचकाला समजावून सांगायला नको. चार घरं, धुणं-भांडी, केर-फरशी, खाडे, दिवाळीचा बोनस, हे सगळं ओळखीचं आहे. तिच्यावरच्या कादंबरीत दोन घरं असतात आणि गोष्ट त्या दोन घरांमध्ये हेलपाटे घालते. मालकिणीच्या घरातलं एखादं गुपित बाईच्या घरी पोचतं, किंवा बाईच्या घरातलं संकट सकाळी तिच्याबरोबर कामावर येतं. पगार, जुन्या साड्या, उरलंसुरलं अन्न यांतले फरक असतातच, पण पुस्तक कुठल्या जातीचं आहे हे त्यावरून कळत नाही.

फसवणाऱ्या खुणा मात्र तीन आहेत. त्या आधी बाजूला काढू.

पहिली खूण वेगळं भांडं आणि वेगळा संडास. भीमाचा पेला वेगळा असतो, आणि सेरा खुर्चीवर बसून चहा पिते तेव्हा भीमा जमिनीवर उकिडवी बसते. एबिलीनसाठी गॅरेजमध्ये वेगळा संडास बांधला जातो. हे वाचून पुष्कळांचा समज होतो की या बाया तिथेच राहत असणार. पण विटाळ पाळायला मुक्कामाची गरज नसते. जात आणि वर्ण तासाभराच्या कामालाही पुरतात. मुक्कामी नोकराचा संडासाचा प्रश्न निराळा असतो आणि तो मुल्कराज आनंद यांच्या 'कुली'त (१९३६) भेटतो. डोंगरातल्या गावातून बँकेतल्या बाबूच्या घरी आणलेल्या मुन्नूला सकाळी उठून जायचं कुठे हेच कुणी सांगितलेलं नसतं. तो भिंतीच्या आडोशाला बसतो आणि मालकीण घर डोक्यावर घेते. भीमावर अशी पाळी येत नाही. वस्तीतला सार्वजनिक संडास घाणेरडा असतो, तिथे रांग असते, पण कामावर निघायच्या आधी ती तिथे जाऊन आलेली असते.

दुसरी खूण गणवेश. हिचा अर्थ तर काही ठिकाणी चक्क उलटा निघतो. वॉशिंग्टन शहरात १९१० ते १९४० या काळात घरकाम करणाऱ्या कृष्णवर्णीय बायांवर एलिझाबेथ क्लार्क-लुईस यांनी 'लिव्हिंग इन, लिव्हिंग आउट' (१९९४) हे पुस्तक लिहिलं. घोळ कायमचा मिटवायचा असेल तर हे एकच पुस्तक पुरे. मुक्कामी बाईच्या अंगावर मालकाने दिलेला गणवेश असायचा. जिने मुक्काम सोडून रोजाने जायला सुरुवात केली, ती कामाचे कपडे पिशवीत घालून न्यायची. त्या पिशवीला बायकांनी नाव दिलं होतं 'स्वातंत्र्याची पिशवी'. हातात पिशवी आहे म्हणजे संध्याकाळी जायला आपलं ठिकाण आहे. त्या बायांनी आधी मिळवलं ते घरी परत जाणं.

तिसरी खूण 'घरातलीच आहे हो' हे वाक्य. परीक्षणांतून हे वाक्य हद्दपार करावं, या मताचा मी आहे. येऊन-जाऊन करणाऱ्या बाईबद्दल ते म्हटलं तर नुसतं गुळमट होतं. मुक्कामी बाईबद्दल म्हटलं की त्यातून हिशेब सुरू होतो. घरातल्या माणसाच्या कामाला वेळ नसते, सुट्टी नसते, रात्री बाळ रडलं की उठायचे जादा पैसे नसतात. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या घरकामगारांसाठीच्या १८९ क्रमांकाच्या करारात (२०११) यासाठी मुद्दाम कलमं घातली आहेत. मालकाच्या घरी राहायचं की नाही हे कामगाराने मालकाशी मोकळेपणी ठरवावं. सुट्टीच्या वेळात घरातच थांबायची सक्ती नसावी. आठवड्यात सलग २४ तास विश्रांती मिळावी. भारताने या कराराच्या बाजूने मत दिलं, पण त्याला मान्यता अजून दिलेली नाही.

आता खरा फरक. पुस्तक मिटायच्या आधी एकच प्रश्न विचारायचा: आज काम सुटलं, तर आज रात्री ती कुठे झोपेल?

'द हेल्प'मधल्या मिनीला कामावरून काढतात. ती घरी जाते. घरात पाच पोरं आहेत आणि नवरा मारकुटा आहे, पण घर आहे. भीमाचं काम सुटलं तर ती झोपडीत जाईल, नातीला, मायाला सांगेल आणि सकाळी दुसरं घर शोधेल. पुढचा महिना भयंकर जाईल, पण ती रात्र छपराखाली जाईल. मुक्कामी नोकराच्या पुस्तकात हा प्रश्न विचारा आणि उत्तर शोधत बसा. किरण देसाईंच्या 'द इनहेरिटन्स ऑफ लॉस'मध्ये (२००६) कालिंपोंगला निवृत्त न्यायाधीशाच्या बंगल्याच्या आवारात स्वयंपाकी एका झोपडीत राहतो. कादंबरीभर त्याला 'स्वयंपाकी' एवढंच म्हटलं जातं. नाव कळायला जवळजवळ शेवट गाठावा लागतो. बंगल्यातल्या बंदुका चोरीला जातात तेव्हा पोलीस पहिल्यांदा त्याच्याच झोपडीची झडती घेतात. त्याचं किडूकमिडूक बाहेर फेकलं जातं आणि त्यात न्यूयॉर्कहून आलेली मुलाची पत्रं निघतात. मालकाच्या आवारातल्या खोलीला आतून कडी असून नसून सारखीच, हे त्या एका प्रसंगात दिसतं. तिकडे मुलगा, बिजू, हॉटेलांच्या भटारखान्यांत राबतो आणि एका ठिकाणी मालकाच्या हॉटेलातच रात्री अंग टाकतो. बाप आणि मुलगा दोन खंडांत आहेत, आणि दोघांचंही छप्पर मालकाचं आहे.

या प्रश्नाला जोडूनच कुटुंबाचा प्रश्न येतो. येऊन-जाऊनच्या पुस्तकात कुटुंब पानावर असतं. ते भांडतं, आजारी पडतं, गरोदर राहतं, फी मागतं. मुक्कामाच्या पुस्तकात ते बहुधा पानाबाहेर असतं आणि काहीतरी दुसरं होऊन आत येतं. स्वयंपाक्याच्या बाबतीत ते पत्र होऊन येतं. 'द व्हाइट टायगर'मध्ये (२००८) आधी ते पैसा होऊन येतं, कारण ड्रायव्हर बलरामच्या पगारावर गावाकडे आजीचा डोळा असतो. मग ते तारण होतं. बलराम गुडगावच्या इमारतीच्या तळघरात झुरळं आणि डासांबरोबर राहतो, मालकाच्या बोलावण्याची वाट बघत. त्याचं गाव आणि घर मालकांना ठाऊक असतं, आणि नोकराने दगा दिला तर किंमत त्याचं कुटुंब मोजणार हे त्यालाही ठाऊक असतं. या तारणाशिवाय ती कादंबरी उभीच राहत नाही. मला विचाराल तर बलरामपेक्षा देसाईंचा स्वयंपाकी जास्त खरा वाटतो. बलराम फार चुरचुरीत बोलतो.

कधीकधी कुटुंब काहीच होऊन येत नाही. बाप्सी सिधवांच्या 'आइस-कँडी-मॅन'मधल्या (१९८८) आयेभोवती लाहोरच्या बागेत चाहत्यांचा घोळका असतो, पण तिचं घरचं माणूस म्हणून कुणी दिसत नाही. शेवटी तिला अमृतसरला घरच्यांकडे पाठवतात. तोवर ती ज्या घरात काम करते तेवढ्यापुरतीच आहे असं वाचकही धरून चालतो. मुक्कामी माणसाकडे बघायची ही मालकांची जुनी नजर आहे, आणि निवेदक मालकाघरची लहान मुलगी असल्याने ती नजर तिथे शोभते. वाचकाने मात्र ती उचलू नये.

सगळ्यात जास्त माणसं फसतात ती पुढच्या प्रकारात: नोकर मुक्कामी आहे आणि कुटुंबही तिथेच आहे. कुटुंब पानावर दिसलं की लोक पुस्तक येऊन-जाऊनच्या खात्यात टाकतात. प्रश्न पुन्हा विचारा. 'द रिमेन्स ऑफ द डे'मध्ये (१९८९) बटलर स्टीव्हन्स आणि त्याचा म्हातारा बाप एकाच हवेलीत नोकर आहेत. वर माळ्यावरच्या खोलीत बाप मरतो तेव्हा खाली परिषद चालू असते आणि मुलगा पाहुण्यांना वाढत राहतो. पुढे हवेली अमेरिकन मालकाकडे जाते तेव्हा स्टीव्हन्सही सामानासुमानाबरोबर त्याच्याकडे जातो. दानियाल मुईनुद्दीन यांच्या 'इन अदर रूम्स, अदर वंडर्स'मध्ये (२००९) सलीमा लाहोरच्या बड्या घरातल्या नोकरांत राहते. तिथेच तिचं प्रेम जमतं, तिथेच पोर होतं. म्हातारा मालक मरतो, नोकर पांगतात आणि सलीमा पोराला घेऊन रस्त्यावर भीक मागते. कुटुंब छपराखाली होतं, पण छप्पर नोकरीला टांगलेलं होतं.

दोन्ही स्थिती एकाच बाईच्या आयुष्यात बघायच्या असतील तर बेबी हालदार यांचं 'आलो आँधारि' (२००२) वाचा. घरकामगार बाईने स्वतः लिहिलेलं हे आत्मकथन आहे. हिंदी विषय घेणाऱ्या अकरावीच्या मुलांना त्यातला उतारा एनसीईआरटीच्या 'वितान' या पाठ्यपुस्तकात लागतो, आणि तेवढ्या उताऱ्यावरच पुष्कळांचं पुस्तकाबद्दलचं मत तयार झालेलं असतं: सज्जन मालक, वही-पेन, लेखिका झाली. नीट वाचलं तर क्रम असा दिसतो. नवऱ्याला सोडून ती मुलांसह येते, भाड्याच्या खोलीत राहते आणि निवृत्त प्राध्यापक प्रबोधकुमार यांच्या घरी कामाला जाते. या काळात तिला घरमालक, शेजारी, 'नवरा कुठे आहे' हे विचारणारे, सगळ्यांना तोंड द्यावं लागतं. एक दिवस बुलडोझर येतो आणि खोली जमीनदोस्त होते. सामान उघड्यावर आणि मुलं सामानापाशी. घर गेलं, पण काम टिकलं. मग प्रबोधकुमार, म्हणजे तिचे 'तातुश', गच्चीवरची खोली देतात आणि ती मुलांसह मुक्कामाला जाते. आता घर आणि काम यांची एकच गाठ पडली. या घरात ती गाठ तिला काचली नाही, हे खरंच. पण तिचा थोरला मुलगा त्याच वेळी दुसऱ्या कुणाच्या घरी कामाला होता आणि कित्येक दिवस आईला भेटलेला नव्हता. एकाच कुटुंबात मुक्कामाचे हे दोन चेहरे आहेत. परीक्षणं पहिल्यावर थांबतात.

हा प्रश्न कागदी नाही, हे मुंबईला जुनं ठाऊक आहे. गोव्याहून येणाऱ्या आचारी, बटलर, खलाशांसाठी धोबीतलाव भागात गावागावांचे 'कूड', म्हणजे गावाने चालवलेल्या राहायच्या सामाईक खोल्या, उभे राहिले. जमिनीवर पथारी, भिंतीला ओळीने लावलेल्या ट्रंका, एका बाजूला अल्तार आणि संध्याकाळी सगळ्यांनी मिळून रोझरी. नोकरी सुटली किंवा बोट बंदराला लागली की रात्र कुठे काढायची, याचं उत्तर गावाने आधीच देऊन ठेवलेलं होतं. कोकणातून आलेल्या घरगड्याला, मालकांच्या तोंडी असलेल्या 'रामा'ला, गाववाल्यांची खोली आधार द्यायची, आणि त्याचं कुटुंब गावी मनिऑर्डरवर चालायचं. हे आधार बहुतेक पुरुषांसाठी होते. मुक्कामी बाईला ट्रंक ठेवायला मालकिणीच्या पलंगाखालची जागा.

आणखी एक गोष्ट यातून उलगडते. पुण्यात १९८० साली मोलकरणींनी संप केला आणि त्यातून त्यांची संघटना उभी राहिली. त्या येऊन-जाऊन करणाऱ्या होत्या. वस्तीत नळावर भेटत होत्या, एका वाटेने कामावर जात होत्या, आणि संपाच्या दिवशी घरी बसायला त्यांना घर होतं. मुक्कामी बाईने संप करायचा तर मालकाच्याच घरात बसून करावा लागेल. म्हणून मुक्कामाच्या कादंबरीत संप नसतो. तिथे चोरी असते, पळून जाणं असतं, खून असतो किंवा मुकाट म्हातारं होणं असतं. 'या नोकराने बंड का केलं नाही' असं विचारणाऱ्या समीक्षकाने आधी त्याची खोली कुठे आहे ते बघावं.

शेवटचं पुस्तक सीमेवरचं, आणि त्याला बहुतेक जण चुकीच्या बाजूला ढकलतात. लैला स्लिमानीच्या 'शांसाँ दूस' या फ्रेंच कादंबरीतली (२०१६) लुईझ सगळे लोक 'घरात राहणारी दाई' म्हणून आठवतात. ती राहत नाही. पॅरिसबाहेर क्रेतेईला तिची एका खोलीची जागा आहे आणि ती रोज गाडीने ये-जा करते. ती लवकर येते, उशिरा जाते, आणि मालक परगावी गेले की त्यांच्या घरात मुक्काम करते. डोक्यावर कर्ज आहे. मुलं मोठी झाली की आपलं काम संपणार, म्हणून मालकिणीला तिसरं मूल व्हावं अशी आस तिला लागते. काम सुटलं तर ती क्रेतेईला जाऊन झोपू शकेल. त्या खोलीत परतायचं नाही, हीच तिची सगळी धडपड आहे.