वनस्पतिवाढीचे मूकपट

बी रुजणे, कळी उमलणे अशा डोळ्यांना न जाणवणाऱ्या संथ हालचाली ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपून पडद्यावर भराभर घडताना दाखवणारे मूकपट. लाइपझिगच्या विल्हेल्म फेफर या वनस्पतिशास्त्रज्ञाने १८९८–१९०० या काळात ट्यूलिप, लाजाळू यांच्या हालचाली अशा टिपल्या. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथच्या ‘द बर्थ ऑफ अ फ्लॉवर’मध्ये (१९१०) क्रोकस, लिली, गुलाब प्रेक्षकांसमोर उमलले.

३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात आणि मूकपट सेकंदाला साधारण तेवढ्याच चौकटींनी चाले. तासाला एक चौकट घेतली, तर ३० दिवसांच्या ७२० चौकटी, म्हणजे ४५ फूट आणि जेमतेम पाऊण मिनिट. दिवसाला एकच घेतली, तर महिना दोन सेकंदांत संपतो आणि रोप वाढत नाही, उड्या मारते. कॅमेऱ्याचे हँडल एरवी एका फेऱ्यात ८ चौकटी सरकवते. इथे ते फेऱ्याला एकच चौकट देणाऱ्या दांड्यावर बसवतात. फेरा शटर मिटलेले असतानाच थांबला पाहिजे. ते उघडे राहिले, तर तासाभराचा उजेड एकाच चौकटीवर साठतो, निगेटिव्ह तिथे काळीकुट्ट होते आणि पडद्यावर पांढरी चमक उठते.

सर्वांत छळतो तो उजेड. ढग आला-गेला की चित्र लुकलुकते, शिवाय रोप खिडकीकडे झुकते; ते सरळ करायला कुंडी फिरवली, की पडद्यावर रोप दचकते. म्हणून कुंडी फळीला पक्की बांधायची, पाणी चौकट घेतल्यावर लगेच, काठाने, बारीक धारेने द्यायचे. शेंड्यासाठी वरची जागा पहिल्या दिवसापासून मोकळी ठेवायची.

दादासाहेब फाळके यांनी १९१२ मध्ये इंग्लंडहून आणलेल्या विल्यमसन कॅमेऱ्यावर कुंडीतला वाटाणा टिपून ‘अंकुराची वाढ’ केला. कच्ची फिल्म बिनभोकांची येई; कॅमेऱ्याचे दाते कडेच्या भोकांत अडकूनच ती पुढे सरकते. पुढे फाळक्यांच्या घरी ती भोके पाडण्याचे काम सरस्वतीबाई अंधारात करत. भोकांत केसभर फरक पडला तरी चित्र थरथरते, आणि स्थिर रोपावर ती थरथर लपत नाही. ‘राजा हरिश्चंद्र’साठी भांडवल देऊ शकणाऱ्यांना ही फिल्म दाखवली गेली. निवड अचूक होती: वाटाण्याला नट, पोशाख, देखावे काही लागत नाही, पण चित्रणापासून फिल्म धुण्या-छापण्यापर्यंतची सगळी कसोटी लागते.