कार्यकारणभावाची जाणीव

एका गोष्टीमुळे दुसरी गोष्ट झाली असं आपल्याला विचार न करता, बघता बघता वाटून जातं, त्याला कार्यकारणभावाची जाणीव म्हणतात. यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि बोलताना आपण त्या सर्रास एक करून टाकतो. डोळ्याला दिसणारं कारण क्षणात दिसतं, पण तपासून ठरवलेल्या कारणाला कधी कधी वर्षं लागतात. डोळा बघतो ते मुख्यतः वेळ आणि जवळीक, म्हणजे कोण कोणाच्या लगेच आधी आणि अगदी शेजारी होतं एवढंच. खेळात, रस्ता ओलांडताना हे उत्तम चालतं पण आजारपणात मात्र याच डोळ्याने माणसाला फार वेळा चुकीच्या दिशेला नेलंय.

लालबाग-परळच्या कुठल्याही चाळीत कॅरम चालू असताना नीट बघा. स्ट्रायकर येतो, टक् आवाज होतो, सोंगटी सुटते, आणि सगळ्यांना स्ट्रायकरने सोंगटी ढकललेली दिसते. पण डोळ्यापर्यंत पोचतं ते काय, तर एक गोल आला, दुसऱ्याला टेकला आणि दुसरा निघाला, बस. ढकलणं वेगळं असं कुठे दिसत नाही. स्कॉटिश तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम (१७११–१७७६) याने बिलियर्डच्या चेंडूंवरून हेच मांडलं, की आपल्याला फक्त एकामागून एक घडणं दिसतं, मधली सक्ती दिसत नाही, ती पुन्हा पुन्हा बघून मनाला सवयीने जडते.

यावर खरा प्रयोग केला तो बेल्जियमच्या आल्बेर मिशॉत या मानसशास्त्रज्ञाने. त्याचं पुस्तक १९४६ साली आलं. पडद्यावर दोन साधे चौकोन, एक सरकत येऊन दुसऱ्याला टेकतो आणि दुसरा लगेच निघतो. हे नुसते आकार आहेत, खरा धक्का कोणी कोणाला दिलेला नाही हे माहीत असूनही बघणाऱ्याला धक्का दिसतोच. मात्र टेकणं आणि निघणं यात सेकंदाच्या पाचव्या भागाइतका जरी उशीर झाला तरी तो परिणाम जातो आणि दुसरा चौकोन आपला आपण निघाल्यासारखा दिसतो. मिशॉतचं म्हणणं होतं की कारण हे रंग-आकारासारखं सरळ दिसतं, त्यासाठी सवयीची गरज नसते. पुढे १९८७ मध्ये लेस्ली आणि कीबल या मानसशास्त्रज्ञांनी सहा महिन्यांच्या बाळांवर प्रयोग केले आणि लगेच बसलेला धक्का आणि उशिराने निघणं यातला फरक त्यांनाही कळतो असं दिसलं. त्यामुळे निदान धक्क्याच्या बाबतीत तरी ह्यूमची सवयवाली बाजू मला लंगडी वाटते, पण दिसलं म्हणजे ते तसंच आहे असं नाही हा त्याचा इशारा आजही तितकाच खरा आहे.

आवाजानेही खूप फरक पडतो. दोन ठिपके समोरासमोरून येऊन एकमेकांतून पार निघून जाताना दाखवले आणि ते भेटतात त्याच क्षणी एक टक् वाजवला तर बऱ्याच लोकांना ते आपटून मागे फिरल्यासारखे दिसतात (हा प्रयोग १९९७ चा). स्वतःच्या कृतीबद्दल तर मेंदू वेळच बदलून सांगतो. मेंदूचा अभ्यास करणारे पॅट्रिक हॅगर्ड आणि सहकाऱ्यांनी २००२ मध्ये दाखवलं की माणसाने स्वतःहून बटण दाबलं आणि पाव सेकंदाने बीप वाजला, तर त्याला बटण दाबल्याची वेळ थोडी उशिराची आणि बीपची थोडी आधीची वाटते, म्हणजे दोन्ही एकमेकांकडे सरकतात.

आपल्याकडे हा विषय जुना आहे. चार्वाकांचा आक्षेप होता की धूर तिथे आग हा नियम सगळ्या जागी, सगळ्या काळी कोणी पाहिलाय, मग तो पक्का कसा मानायचा. न्यायदर्शनवाल्यांनी कारणाची व्याख्या बांधून घेतली, कार्याच्या आधी नियमाने असणारं आणि शिवाय अन्यथासिद्ध (म्हणजे ज्याच्यावाचूनही काम भागलं असतं असं) नसणारं ते कारण. उदाहरण मडक्याचं देतात. माती, चाक, काठी, कुंभार ही कारणं, पण माती वाहून आणणारं गाढव आधी हजर असलं तरी कारण नाही, कारण माती दुसऱ्या कशावरूनही आणता आली असती. आधी होतं एवढ्यावरून कारण ठरत नाही हे यात इतकं स्वच्छ सांगितलंय की शाळेत विज्ञानाच्या पहिल्या धड्यात हे गाढव यायला हवं असं मला मनापासून वाटतं.

कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडते तेव्हा काय होतं ते मॅच बघणाऱ्या कुठल्याही घरात दिसतं. कोणीतरी पाणी प्यायला उठतो, विकेट पडते, आणि मग उरलेली मॅच त्याला जागेवरून हलू देत नाहीत. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बी. एफ. स्किनरने १९४८ मध्ये कबुतरांवर असाच प्रयोग केला होता, दाणे ठरावीक वेळाने आपोआप पडायचे तरी कबुतरं गोल फिरणं, मान हलवणं असलं काहीबाही सारखं करायला लागली. त्याने याला अंधश्रद्धा म्हटलं, त्या अर्थावर पुढे बरेच आक्षेपही आले.

खरी अडचण येते ती कारण आणि परिणाम यात दिवस जातात तेव्हा. कावीळ झाली की घरचे कालची पाणीपुरी आठवतात. पण हिपॅटायटिस ए ची लक्षणं दिसायला साधारण १५ ते ५० दिवस लागतात, म्हणजे दोषी पाणी महिन्यापूर्वी कुठेतरी पिऊन झालेलं असतं आणि ते कोणाला आठवतही नाही.

मुंबईने याची फार मोठी किंमत मोजली ती १८९६ च्या प्लेगमध्ये. सप्टेंबरमध्ये मांडवी भागात डॉ. अकासियो व्हिएगस यांनी रोग ओळखला. समोर दिसत होती घाण, दाटी, कोंदट खोल्या, वास मारणारी गटारं, त्यामुळे कारण तेच ठरलं. गटारात समुद्राचं पाणी आणि कार्बोलिक हे जंतुनाशक सोडलं, घरं धुतली, १८९८ मध्ये शहर सुधारण्यासाठी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला आणि समुद्राची हवा दाट वस्तीत आत यावी म्हणून प्रिन्सेस स्ट्रीटसारखे रस्ते काढले गेले. आज त्या रस्त्यावरून चालताना आपण एका चुकलेल्या कारणावरून चालत असतो (वस्तीत हवा आली हे चांगलंच झालं, पण प्लेग हवेतून येत नव्हता). माणसाआधी उंदीर मरून पडतात हे लोकांना दिसत होतं, पण उंदीर पडणं आणि घरात ताप येणं यात बरेच दिवस जायचे, आणि उंदराला हातही न लावलेले लोक मरत होते.

मधला दुवा, म्हणजे पिसू, सापडला तो कराचीत. २ जून १८९८ ला फ्रेंच डॉक्टर पॉल-लुई सिमोंने काचेच्या बरणीत प्लेग झालेला, पिसवा असलेला उंदीर ठेवला, तो मरणाला टेकल्यावर जाळीच्या पिंजऱ्यातला निरोगी उंदीर असा लटकवला की दोघांचा स्पर्श होणार नाही पण पिसू उडी मारू शकेल. काही दिवसांत दुसराही प्लेगने मेला. पिसवा नसताना हाच प्रयोग केला तर दुसरा उंदीर जगला. बाकी सगळं तसंच ठेवून एकच गोष्ट काढून घ्यायची, हे नुसत्या बघण्याने कधी झालं नसतं. तरी त्यावेळच्या सरकारी प्लेग कमिशनने हे मानलं नाही. नंतर परळच्या प्रयोगशाळेत (आजची हाफकिन संस्था) १९०५ पासून पुन्हा काम झालं, प्लेगच्या घरांत गिनीपिग ठेवून, काहींचे पिंजरे पिसवांपासून बंद करून, आणि मग शंका मिटली.

पावसाळ्यात लेप्टोच्या (लेप्टोस्पायरोसिसच्या) बाबतीत आजही हेच चालतं. हा रोग उंदीर आणि इतर जनावरांच्या मूत्राने दूषित झालेल्या पाण्यातून, बहुतेक वेळा पायाच्या जखमेतून शिरतो आणि ताप येतो साधारण ५ ते १४ दिवसांनी. तोपर्यंत दादरच्या हिंदमाता भागातलं ते गुडघाभर पाणी विसरलेलं असतं आणि काल भिजलो म्हणून ताप आला असं पेशंट सांगतो, म्हणून गेल्या काही आठवड्यांत साचलेल्या पाण्यातून चालला होतात का हे डॉक्टरला मुद्दाम विचारावं लागतं. अशा पाण्यातून गेलेल्यांनी ७२ तासांच्या आत डॉक्टरांच्या सल्ल्याने प्रतिबंधक औषध घ्यावं असं महापालिका दर पावसाळ्यात सांगते, म्हणजे गोळी घ्यायची ती अंगात काहीच होत नसताना.