‘दंपती’तून बायको गायब नाही

लग्नसराई आली की आमच्या पाचोऱ्याकडे पत्रिकेवरून एक वाद हमखास रंगतो: ‘दंपती’त नुसता पतीच आहे, मग बायको कुठे गेली? वर कोणीतरी ‘दम असलेला पती’ ही फोड सांगून हशा मिळवतो. फोड चूक आहे.

इथला ‘दम’ म्हणजे धमक किंवा श्वास नव्हे, घर. वैदिक संस्कृतातला जुना शब्द. लॅटिनमधला ‘डोमुस’ त्याचाच भाऊबंद. ‘पती’चा मूळ अर्थही धनी. ऋग्वेदात एकवचनी ‘दंपति’ म्हणजे घरधनी, अग्नीलासुद्धा तसं म्हटलंय. द्विवचनात मात्र ‘दंपती’ म्हणजे घराचे दोघे मालक, नवरा नि बायको. मराठीत द्विवचन उरलं नाही, म्हणून घोळ झाला.

‘दांपत्य’ हे खरं तर त्या नात्याचं नाव. आता जोडप्यालाही चालतं, मी तरी खोडत नाही. अधिक महिन्यात जेवायला बोलावतो ते ‘मेहूण’ मात्र ‘मिथुन’वरून, म्हणजे जोडीच. बाकी पोळ्याला सजते ती बैलजोडी. तिला ‘बैलांचं जोडपं’ म्हणून बघा, अख्खा पार हसेल.