लग्नाच्या कॅसेटपासून गच्चीवरच्या बिबड्यांपर्यंत

घरच्यांनी घरच्यांचंच चित्रण करणं सिनेमाइतकं जुनं आहे. २८ डिसेंबर १८९५ रोजी ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये तिकीट लावून पहिला खेळ केला. त्यात ऑग्यूस्त ल्युमिएर आणि त्याची बायको तान्ह्या लेकीला भरवताहेत, अशी एक छोटी फिल्म होती. कॅमेरा धाकट्या भावाचा, लुईचा. पुढे कोडॅकने घरगुती कॅमेऱ्यांसाठी १९२३ मध्ये १६ मिमी, १९३२ मध्ये ८ मिमी आणि १९६५ मध्ये सुपर ८ फिल्म आणून हौशी माणसाचीही सोय केली. आपल्याकडे मात्र ही हौस बड्या घरांनाच परवडली.

खान्देशात घरची आठवण आधी जपली ती कानांनी. बहिणाबाई चौधरींच्या लेवा बोलीतल्या ओव्या मुलगा सोपानदेव आणि घरच्या माणसांनी लिहून ठेवल्या. बहिणाबाई गेल्यावर, १९५२ मध्ये, त्या पुस्तकरूपाने आल्या. आई बोलतेय आणि लेक टिपतोय, याहून अस्सल कौटुंबिक दस्तऐवज मला माहीत नाही.

चित्र मात्र बाहेरच्या माणसाच्या हाती राहिलं. आधी फोटो स्टुडिओवाला, मग १९८० च्या दशकात व्हिडिओ शूटिंगवाला. त्याला बोलावणं लग्नाचं, म्हणून त्याने टिपलं तेही तेवढंच: हळद, मंगलाष्टकं, आहेर, पाठवणी. डोळ्यांवर हॅलोजनचा झोत आला की बायका पदर सावरून ताठ उभ्या राहायच्या. एडिटिंगमध्ये वरून सिनेमाची गाणी चढली आणि त्यांच्याखाली मावशी-आत्यांची अहिराणी बुजून गेली. या कॅसेटी पाहताना मला सर्वांत जास्त हळहळ वाटते ती याची.

रोजचं जगणंही चित्रपटाचा विषय होऊ शकतं, हे जोनास मेकस या न्यूयॉर्कवासी लिथुआनियन दिग्दर्शकाने १९६९ मध्ये ‘वॉल्डन’ या डायरीवजा चित्रपटातून दाखवलं होतं. आपल्या घरांत ती मोकळीक खऱ्या अर्थाने मोबाईलने आणली. आता नात स्वतः चित्रण करते. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी आलेल्या लेकी झोक्यावर, कानबाई देवीच्या नैवेद्याचे रोट, गच्चीवर वाळणाऱ्या बिबड्या, म्हणजे ज्वारीचे पापड. भरिताचंच पाहा ना: पऱ्हाट्यांच्या, म्हणजे कपाशीच्या वाळक्या काड्यांच्या, जाळावर वांगी भाजायची, साल काढायची, मग बडगीत, म्हणजे लाकडी भांड्यात, कुटायची. कुटताना आजीचा हात कुठे हलका होतो, ते लिहून सांगता येत नाही. चित्रणात ते दिसतं. शिवाय नात समोर असल्यामुळे आजी घरच्या बोलीतच बोलते.

जुन्या कॅसेटींचं काम मात्र आता पुढे ढकलू नये. फितीला पावसाळ्यात बुरशी धरते, आणि व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीनेही २०१६ मध्ये उत्पादन बंद केलं. घरातली एडिट केलेली कॅसेट डिजिटल करून घ्यावीच, पण त्याआधी गावातल्या शूटिंगवाल्याकडे मूळ फीत उरली आहे का, ते विचारावं. तिच्यावर गाणी चढलेली नसतात, मावश्यांचं बोलणं तिथे ऐकू येऊ शकतं.