गाण्याच्या स्पर्धेमागचा मॅनेजर

गाण्याच्या रिअॅलिटी शोची ऑडिशन जाहीर झाली की खानापूर, निपाणी, चिकोडीकडची पोरं कोल्हापूर नाहीतर पुण्याची गाडी धरतात. सोबत आईवडील, क्वचित पेटी शिकवणारे गुरुजी. काही जण हुबळी-बेंगळुरूकडंही जातात. कन्नड वाहिन्यांवर अशाच स्पर्धा आहेत आणि सीमाभागातल्या कितीतरी मुलांना दोन्ही भाषांत गाता येतं. सगळ्यांचं लक्ष असतं परीक्षकांकडं. पण हा खेळ ज्यानं मांडला, तो होता कलाकारांचा व्यवहार सांभाळणारा मॅनेजर, आणि विजेत्यापुढं येणारा करार समजून घ्यायचा तर त्याच्यापासूनच सुरुवात करावी लागते.

हा मॅनेजर म्हणजे सायमन फुलर, इंग्लंडचा. आधी क्रिसालिस या संगीत कंपनीत नोकरी. 1985 मध्ये पॉल हार्डकॅसल या त्याच्या कलाकाराचं ‘19’ हे गाणं ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं, आणि त्याच आकड्यावरून फुलरनं स्वतःच्या कंपनीचं नाव ठेवलं. पुढं स्पाइस गर्ल्स या पाच मुलींच्या गटाचं व्यवस्थापन त्याच्याकडं आलं. गाण्यांइतकाच पैसा त्यानं जाहिराती आणि उत्पादनांवर छापलेल्या त्यांच्या नावातून उभा केला. गट जगभर गाजत असताना, नोव्हेंबर 1997 मध्ये, त्या मुलींनी त्याला काढून टाकलं.

पुढचं सगळं या घटनेतून निघालं असं मला वाटतं. मॅनेजर राबतो, ओळखी जोडतो, कार्यक्रमांच्या सुपाऱ्या मिळवतो. कलाकार उठून गेला की त्याच्या हाती फार थोडं उरतं. फुलरनं पुढचा गट, एस क्लब 7, स्वतःच निवडून बांधला आणि 1999 मध्ये त्यांची टीव्ही मालिकाच आणली. मालिका बघणारी मुलं त्यांच्या रेकॉर्डी घेत होती. मॅनेजर निर्माता झाला तो इथं.

त्याच सुमारास न्यूझीलंडमध्ये ‘पॉपस्टार्स’ नावाच्या कार्यक्रमानं गट निवडण्याची प्रक्रियाच पडद्यावर दाखवली होती. ब्रिटनमध्ये तो 2001 च्या सुरुवातीला आला. तिथं निवड परीक्षक करायचे. फुलरच्या ‘पॉप आयडॉल’मध्ये, ऑक्टोबर 2001 पासून, शेवटचा कौल प्रेक्षकांच्या फोनवर गेला. फेब्रुवारी 2002 च्या अंतिम फेरीत सुमारे 87 लाख मतं पडली. विजेत्या विल यंगच्या पहिल्या सिंगलच्या, म्हणजे एका गाण्याच्या रेकॉर्डच्या, 11 लाखांवर प्रती पहिल्याच आठवड्यात खपल्या. कोणता गायक चालेल हे रेकॉर्ड काढण्याआधीच कळलेलं होतं, आणि विजेत्याचं व्यवस्थापन फुलरच्याच कंपनीकडं होतं. शोध, जाहिरात, विक्री, कलाकाराच्या कमाईतला वाटा, सगळं एका छताखाली आलं. जून 2002 मध्ये अमेरिकन आवृत्ती सुरू झाली. 2005 मध्ये फुलरनं कंपनी अमेरिकेतल्या सीकेएक्स या कंपनीला विकली. तोवर तिची मोठी किंमत याच कार्यक्रमाच्या साच्यात आणि त्याच्या हक्कांत होती.

भारतात झीचं ‘सा रे ग म’ 1995 पासून होतंच, पण त्याचं वळण मैफलीचं, शास्त्रीय कान असलेल्या परीक्षकांचं. ऑक्टोबर 2004 मध्ये सोनीवर ‘इंडियन आयडॉल’ आलं ते फुलरच्या साच्यातून. मार्च 2005 मध्ये मुंबईचा अभिजीत सावंत जिंकला आणि त्याच वर्षी त्याचा अल्बम बाजारात आला. मराठीत खरी लाट आली ती 2008-09 च्या ‘लिटिल चॅम्प्स’ची. कार्तिकी गायकवाड, आर्या आंबेकर, मुग्धा वैशंपायन ही नावं बेळगावच्या घराघरांत नात्यातल्या मुलांसारखी घेतली जायची. इथल्या मराठी माणसाला या कार्यक्रमांचं मोल थोडं जास्तच आहे. आपल्या भाषेतलं गाणं रोज घरात येतं, ते याच वाटेनं. 2021 मध्ये सोनी मराठीवर, अजय-अतुल परीक्षक असताना, ‘आयडॉल’ही मराठीत आलं.

आवाज हेरून त्यावर संस्था चालवणं या मातीला नवीन नाही. संगीत नाटकाचे प्रवर्तक अण्णासाहेब किर्लोस्कर बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे, जन्म 1843. त्यांनी भाऊराव कोल्हटकरांना बडोद्याहून कंपनीत आणलं ते आवाजासाठीच. नाटक कंपनीचा मालकही गुणी पोरं हेरायचा, पगार ठरवायचा, गावोगाव मुक्काम टाकायचा. पण पोरगं तिथं राहून वर्षानुवर्षं शिकायचं.

त्याहून जवळचं उदाहरण बेळगावजवळच्या सुळेभावीचं. शिवपुत्र कोमकाळीमठ, म्हणजे आपले कुमार गंधर्व, तिथं 1924 मध्ये जन्मले. मोठमोठ्या गवयांच्या ध्वनिमुद्रिका ऐकून हुबेहूब गाणारा हा मुलगा लहानपणीच मैफली करू लागला, लोक गर्दी करायचे. आजच्या कुठल्याही स्पर्धेत पहिल्या फेरीलाच त्यानं सभागृह उठवलं असतं. पण घरच्यांनी त्याला मुंबईला प्रोफेसर बी. आर. देवधरांकडं शिकायला पाठवलं, आणि नकलेतून बाहेर पडून स्वतःचं गाणं सापडायला पुढं बरीच वर्षं गेली. फुलरच्या साच्यात या वर्षांना जागाच ठेवलेली नाही. अंतिम फेरीनंतर लगेच अल्बम, दौरे, सुपाऱ्या, कारण मतं देणारा प्रेक्षक पुढच्या हंगामात दुसऱ्या नावाकडं वळणार असतो.

म्हणून ऑडिशनला जाणाऱ्या मुलाच्या पालकांनी सही करण्याआधी तीन गोष्टी वकिलाकडून वाचून घ्याव्यात: करार किती वर्षं बांधून ठेवतो, बाहेरच्या कार्यक्रमांच्या मानधनात कुणाचा किती वाटा आहे, आणि ध्वनिमुद्रणाचे हक्क कुणाकडं राहतात. फुलरच्या कार्यक्रमाच्या अमेरिकन आवृत्तीत अशा सह्या अंतिम टप्प्याच्या आधीच घेतल्या जात, कोण जिंकणार हे कुणालाच माहीत नसताना.