प्रायोगिक चित्रपट व व्हिडिओ कलावंताची निर्मितीप्रक्रिया

कथानकाऐवजी प्रकाश, काळ, ध्वनी आणि प्रत्यक्ष फीत यांनाच कच्चा माल मानून काम करण्याची दृश्यकलेतील एक रीत. बांधीव पटकथा येथे क्वचितच असते. चित्रण, संकलन व ध्वनिजोड पुष्कळदा एकच व्यक्ती करते आणि हाती काय लागले आहे, हे तिलाही संकलनाला बसल्यावरच उमगते.

कृतीचा घाट बऱ्याच अंशी साधन ठरवते. १६ मिमी फिल्मचे १०० फुटी रीळ सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने सुमारे पावणेतीन मिनिटांत संपते, आणि चावीच्या बोलेक्स कॅमेऱ्यात एका चावीवर अर्ध्या मिनिटाहूनही कमी चित्रण होते. तुटक, झपाट्याच्या शैलीचे एक मूळ येथे आहे. अमेरिकन प्रायोगिक चित्रपटकार स्टॅन ब्रॅकेज यांनी ‘मॉथलाइट’मध्ये (१९६३) कॅमेराच वगळला व पतंगांचे पंख आणि गवत पारदर्शक पट्ट्यांत चिकटवून फीत तयार केली. भारतात केंद्र सरकारच्या मुंबईतील फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती यांनी ‘एक्सप्लोरर’ (१९६८) हा लघुपट केला, तर मुंबईतच चित्रकार अकबर पदमसी यांनी उभारलेल्या व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉपमध्ये (१९६९–७२) नलिनी मालानींसारखे चित्रकार चलच्चित्राकडे वळले.

मराठवाड्यात या रीतीशी जवळीक सांगणारी जुनी उदाहरणे आहेत. पैठण शैलीची म्हणून ओळखली जाणारी, मुख्यतः एकोणिसाव्या शतकातील चित्रकथी चित्रे सुट्या कागदांवर असून दोन-दोन चित्रे पाठीला पाठ लावून चिकटवलेली असत. कथेकरी एक चित्र समोर धरून गात-बोलत प्रसंग सांगे आणि कागद उलटून पुढचे दाखवी. एका चित्रावर किती थांबायचे, हे त्याच्या गळ्यावर आणि समोरच्या मंडळींच्या ओढीवर अवलंबून असे. चित्र स्थिर, काळ मात्र आवाजात वाहता, ही फारकत प्रायोगिक चित्रपटाने जाणीवपूर्वक वापरली. (दोहोंत थेट वंशसंबंध जोडणे अर्थातच घाईचे होईल.) अजिंठ्याच्या लेण्यांत आरशाने ऊन आत वळवून भित्तिचित्रे दाखवण्याची पद्धत होती: आरसा हलला की एक चेहरा विझे, दुसरा उजळे. अंधारात फिरणारा प्रेक्षक आणि भिंतीवर सरकणारा प्रकाश यांवर उभ्या असलेल्या आजच्या व्हिडिओ मांडणीचे (इन्स्टॉलेशनचे) याहून सोपे स्पष्टीकरण सापडणे कठीण.

या प्रक्रियेचा कस रोजच्या विषयात लागतो. दुष्काळातील टँकरची रांग बातमीत काही सेकंदांत आटोपते. प्रायोगिक कलावंत कॅमेरा एका घागरीसमोर रोवून ती भरेपर्यंत हलवत नाही, वर निवेदनही घालत नाही. धार बारीक असेल तर शॉट लांबतो. पाणी चढत जाते तसा घागरीतला आवाज वरच्या पट्टीत जातो, मागे कोणाचा तरी हंडा सरकवल्याचा खरखराट येतो, आणि घागर उचलली गेली की शॉट संपतो.